घळोबा जगू शकेल का? (पक्षीवाल्यांची मदत हवी आहे)

पसाराकर | रविवार, रात्री 9:50

मंडळी, दिवाळीच्या सुट्टीत गुहागरला गेलो होतो. तिथून हेदवीचा दशभुजा गणपती आणि मग खाली समुद्रावर बामणघळ. ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी: काळ्या कातळाला पडलेली एक अरुंद, लांब चीर. भरतीला लाट तिच्यात घुसते, पुढे वाट नसते, मग सगळं पाणी वर उसळतं. त्याआधी आतून असा एक घुमारा येतो की आपण नकळत दोन पावलं मागे सरतो.

लेकीने (इयत्ता तिसरी) विचारलं, "आत कोण आहे?" मी म्हटलं, पाणी. तिला ते पटलं नाही. घरी आल्यावर तिने आतल्या प्राण्याचं चित्र काढलं आणि नाव ठेवलं घळोबा. चित्रावरून आणि उलटतपासणीतून मिळालेली माहिती अशी:

अंगभर निळी पिसं. चार पाय, शिवाय दोन पंख. चोच, आणि चोचीत दात. उंची आमच्या स्कूटरच्या सीटएवढी. घळीत राहतो, अंधारात त्याला सगळं कळतं. कालवं खातो, माणसं खात नाही. अंडं कड्याच्या अगदी टोकावर घालतो. चिडला की थुंकतो.

आता ती रोज विचारते, असा प्राणी खरंच असू शकतो का? "असं काही नसतं बाळा" हे उत्तर घरात बाद झालेलं आहे. एकेका अवयवाला कारण द्या, तिला वाचून दाखवणार आहे.

उगाचउवाच | रविवार, रात्री 10:15

पहिला मी! आपल्या पूर्वजांना विचारलं असतंत तर धागा काढावा लागला नसता. शरभ, गंडभेरुंड हे प्राणी किल्ल्यांच्या दरवाज्यांवर कोरलेले आहेत. जंजिऱ्याच्या दारावरचा शरभ पाहा, शेपटीत आणि पंजात हत्ती धरलेत. घळोबा त्याच खानदानातला.

सड्यावरचा_वारा | रविवार, रात्री 11:02

वा, झकास धागा. सुरुवात पायांपासून करू, कारण घळोबाची पहिली अडचण तिथेच आहे.

मुलीला सांगा, उद्या आईने कोंबडी आणली तर पंख नीट बघ. खांद्यापाशी एक हाड, मग दोन हाडं जोडीने, मग मनगट, मग बोटांचे उरलेसुरले तुकडे. म्हणजे तो आपलाच हात. देवमाशाचा वल्ह्यासारखा पर, वटवाघळाचा पंख, घोड्याचा पुढचा पाय, सगळीकडे हाच नकाशा आहे. सुमारे 37 कोटी वर्षांपूर्वी जे मासे पाण्याबाहेर सरपटायला लागले त्यांना परांच्या दोन जोड्या होत्या, आणि तेव्हापासून हाडवाल्यांना चारच अवयव मिळतात. पंख हवेत तर हात द्यावे लागतात. चार पाय आणि वर पंख म्हणजे सहा झाले. पंखवाला शरभ तिथेच अडकतो, उगाचराव. दगडात चालतं ते हाडामांसात चालत नाही.

पण एक पळवाट आहे. दक्षिण अमेरिकेत ॲमेझॉनच्या दलदलीत होॲटझिन नावाचा पक्षी असतो. त्याच्या पिल्लांना प्रत्येक पंखावर दोन नखं असतात. साप किंवा ससाणा आला की पिल्लू घरट्यातून सरळ खाली पाण्यात उडी मारतं आणि धोका टळला की नखांनी झाड धरत, चार हातापायांवर पुन्हा वर चढतं. मोठं झालं की नखं जातात. घळोबाची आयुष्यभर टिकली असं धरू. कड्यावर चढताना चार पाय, पाण्यात दोन पंख. चित्र फार बदलावं लागणार नाही, मधली जोडी तेवढी खोडा.

पसाराकर | सोमवार, सकाळी 8:20

वाचून दाखवलं. मधली जोडी खोडलीय. मात्र "होॲटझिनला कसा वास येतो" असं विचारतेय. का ते देव जाणे.

सड्यावरचा_वारा | सोमवार, सकाळी 8:41

शेणाचा! अगदी बरोबर प्रश्न विचारलाय. तो पानं खातो आणि गायीसारखी पोटातच, म्हणजे अन्नपिशवीत, आंबवतो.

पाऊणपट | सोमवार, दुपारी 1:10

उंचीबद्दल. स्कूटरची सीट म्हणजे 75 ते 80 सेंटिमीटर. एवढा गुबगुबीत प्राणी उडेल का?

पक्षी लांबी-रुंदी-उंचीने दुप्पट केला तर पंखांचं क्षेत्रफळ चौपट होतं, वजन मात्र आठपट. म्हणून उडणाऱ्यांना एका मर्यादेपलीकडे वाढता येत नाही. आपला माळढोक 15 किलोपर्यंत भरतो आणि जगातल्या सगळ्यात जड उडणाऱ्या पक्ष्यांत मोडतो. त्याचे पंख केवढे अवाढव्य असतात ते फोटोत बघा. चित्रातल्या घळोबाचे पंख खेळण्यातल्या पंख्याएवढे आहेत (पालकांनी चिकटवलेल्या फोटोवरून मोजले). निकाल: उडणार नाही. पोहेल. एम्परर पेंग्विन सव्वा मीटरच्या आसपास उंच आणि 40 किलोपर्यंत जाऊनही मस्त जगतो, कारण त्याने उडण्याचा नाद सोडला.

आबर्डीनकर | सोमवार, संध्याकाळी 7:35

मी इकडे स्कॉटलंडमध्ये राहते. नवरा तेलवाला, म्हणून या गारठ्यात. आमच्यापासून जवळ स्टोनहेवनच्या खाली फाउल्सहू नावाचा कडा आहे. मे-जूनमध्ये तिथे लाखभर समुद्रपक्षी विणीला येतात. कडा दिसायच्या आधी त्याचा वास येतो, आणि वासाआधी आवाज. पहिल्यांदा गेले तेव्हा दादरचं प्लॅटफॉर्म आठवलं. तितकीच गर्दी आणि प्रत्येकाला स्वतःची वीतभर जागा.

त्यातला गिलेमॉट हा पक्षी घळोबाचा सख्खा चुलत भाऊ शोभेल. काळा-पांढरा, उभा बसतो, घरटं बांधत नाही. उघड्या दगडाच्या कंगोऱ्यावर एकच अंडं. त्या अंड्याचा आकार पेअर फळासारखा, एका बाजूला निमुळता. लहानपणी आपण वाचायचो की असं अंडं ढकललं तर गोल फिरतं, खाली पडत नाही. आता अभ्यासकांचं म्हणणं आहे की खरा फायदा वेगळा: निमुळत्या अंड्याचा जास्त भाग दगडाला टेकतो, त्यामुळे उतारावर ते मुळात हलतच नाही. प्रत्येक अंड्याचा रंग आणि ठिपके निराळे, निळसर, हिरवट, पांढरं, त्यावर शाई सांडल्यासारख्या रेघा. त्या गर्दीत आईबाप त्यावरूनच आपलं अंडं ओळखतात.

तेव्हा "कड्याच्या अगदी टोकावर अंडं" हे मुलीने अगदी बरोबर लिहिलंय. फक्त एकच, आणि निमुळतं.

थुंकण्याबद्दलही ती बरोबर आहे! फुलमार नावाचा पक्षी जवळ गेलेल्याच्या अंगावर पोटातलं तेल ओकतो. पिल्लंसुद्धा. ते तेल शिकारी पक्ष्याच्या पिसांना चिकटलं की पिसं निकामी होतात आणि तो मरूही शकतो. आमच्या ओळखीतल्या एकाचं जॅकेट त्यात गेलं. तीन धुण्यांनंतर टाकून दिलं.

सुगरण_नसलेली | सोमवार, संध्याकाळी 7:58

अवांतर: कालवं विषय निघालाच आहे तर, कालवांच्या सुक्याला तिरफळ घालतात का हो? आमच्यात नाही घालत.

तिरफळ | सोमवार, रात्री 9:30

माझ्या नावान हाक मारलास म्हणान इलंय. कालवाक नाय, बांगड्याक.

गाववाल्यानू, तुमी स्कॉटलंड आणि ॲमेझॉन फिरान इलास, पण थुकीचा घर बांधणारो पाखरू आमच्या वेंगुर्ल्याच्या समुद्रात खराच आसा.

बाकीचं प्रमाण मराठीत लिहितो. वेंगुर्ल्यासमोर समुद्रात खडकांचा पुंजका आहे, वेंगुर्ला रॉक्स. त्यातल्या बर्न्ट आयलंडवर एक गुहा आहे आणि तिच्यात पाकोळ्यांची मोठी वसाहत. ही साधी पाकोळी नव्हे, भारतीय स्विफ्टलेट. हे पक्षी स्वतःची लाळ भिंतीला लावत जातात, ती सुकून कडक होते, मुख्यतः तिचीच वाटीसारखी घरटी. चिनी सुपासाठी या घरट्यांना बाहेर प्रचंड भाव, त्यामुळे चोऱ्याही झाल्या. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने इथे संरक्षणाचं काम केलंय.

आता घळोबाच्या कामाची गोष्ट. ही पाकोळी अंधाऱ्या गुहेत टकटक असा आवाज करत उडते आणि प्रतिध्वनीवरून भिंत कुठे आहे ते ओळखते. वटवाघळाचा आवाज आपल्याला ऐकू येत नाही, हिचा येतो. म्हणजे "अंधारात त्याला सगळं कळतं" हेही कोकणात आधीच आहे.

पसाराकर | सोमवार, रात्री 10:20

तिरफळभाऊ, लेक उड्या मारतेय. पण मला एक शंका. बामणघळीत भरतीला जो गदारोळ असतो त्यात टकटक ऐकू कशी येणार?

तिरफळ | सोमवार, रात्री 10:33

भरतीक तो आत कित्याक बसतलो? बुडान मरूक? भायर येतलो.

पाऊणपट | सोमवार, रात्री 11:05

तिरफळ यांचा मुद्दा मोठा आहे. भरती साधारण 24 तास 50 मिनिटांत दोनदा येते आणि दर वेळी घळीचा तळ पाण्याखाली जातो. म्हणजे घळ हे त्याचं घर नसून जेवणघर आहे. ओहोटीला आत उतरायचं, कालवं फोडायची, पाणी चढायला लागलं की वरच्या कंगोऱ्यावर.

त्याचं घड्याळ आपल्या आज्यांना तोंडपाठ होतं: तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ (माझं नाव तिथूनच). चतुर्थी असेल तर चार पाऊण तीन, म्हणजे सुमारे तीन वाजता. त्याच्या सहा तास आधी आणि नंतर ओहोटी. संकष्टीला हेदवीच्या गणपतीला जाणाऱ्यांना त्यामुळे दुपारी तीनला घळ ऐन रंगात सापडते. लांबूनच बघा, कडेला जाऊ नका. तिथला कातळ शेवाळाने निसरडा असतो आणि त्या जागेला बामणघळ हे नाव कशामुळे पडलं त्याची गोष्ट गावात कुणीही सांगेल.

सड्यावरचा_वारा | मंगळवार, सकाळी 7:15

दातांचं राहिलं. पूर्वी दातवाले पक्षी होते. डायनासोरांच्या वेळच्या क्रेटेशियस काळातला हेस्परॉर्निस हा मोठा, न उडणारा, पोहणारा आणि दातवाला होता. म्हणजे घळोबाचे पणजोबा म्हणायला हरकत नाही. पण दात निसटत्या माशाला धरायला बरे. कालवं कातळाला सिमेंटसारखी चिकटलेली असतात, ती दातांनी फोडायला गेलं तर दातच जातील. आपल्या किनाऱ्यावर हिवाळ्यात ऑयस्टरकॅचर येतात, त्यांची लांब लाल चोच बघा. दाबून चपटी केलेली सुरीच जणू. शिंपला जरा उघडा दिसला की आत घालायची, आतला स्नायू कापायचा. काम फत्ते. जाड शिंपला असेल तर ठोकून फोडायचा.

तडजोड: दात चोचीत नकोत, जिभेवर घाला. पेंग्विनच्या जिभेवर आणि टाळ्यावर मागे वळलेले काटे असतात, बुळबुळीत घास सुटू नये म्हणून.

आणखी एक. कालवाबरोबर खारं पाणी पोटात जाणार. समुद्रपक्ष्यांच्या डोळ्यांवर मिठाच्या ग्रंथी असतात, त्या रक्तातलं जादा मीठ गोळा करून नाकावाटे बाहेर टाकतात. तेव्हा घळोबाचं नाक सतत गळतं.

पसाराकर | मंगळवार, सकाळी 8:05

नाक गळतं हे वाचल्यावर जे हसू झालं ते अजून चालू आहे. आता शाळेत जायला तयार होताना "मी घळोबा आहे" म्हणून रुमाल न्यायला नकार दिलाय. धन्यवाद.

पण निळा रंग सोडायला ती तयार नाही.

सड्यावरचा_वारा | मंगळवार, सकाळी 8:30

पक्ष्यांत निळा रंग रंगद्रव्याचा नसतो. पिसाच्या आत बारीक पोकळ्यांची अशी रचना असते की निळा प्रकाश तेवढा परत फेकला जातो. नीलपंखाचं पीस कुटून पूड केली तर निळं काही उरत नाही. घळोबाची पिसं तशी असू शकतात, पण निम्मा वेळ अंधारात काढणाऱ्याला त्याचा उपयोग काय? आणि पोहणाऱ्याला पाठ काळी, पोट पांढरं हेच सोयीचं: वरून बघणाऱ्याला तो खोल पाण्यात मिसळतो, खालून बघणाऱ्याला उजेडात.

पफिनसारखं करता येईल. त्याच्या चोचीवरची रंगीत टरफलं फक्त विणीच्या हंगामात येतात, नंतर गळून पडतात. घळोबाची चोच नोव्हेंबर ते मे निळी. पावसाळ्यात राखाडी.

उगाचउवाच | मंगळवार, दुपारी 12:40

पावसाळ्यात तो असतो कुठे पण? जूनमध्ये तिथल्या लाटा पाहिल्यात का कुणी?

आबर्डीनकर | मंगळवार, दुपारी 3:15

उगाच, पहिल्यांदाच कामाचं बोललात :) (हलके घ्या.) आमचे गिलेमॉट ऑगस्टपर्यंत कडा रिकामा करून समुद्रात निघून जातात आणि पुढचे कित्येक महिने जमिनीला पाय लावत नाहीत. घळोबाही मे संपता संपता जात असणार, भर समुद्रात. उलट दिशेचं तुमच्याकडे घडतंच ना? पावसाळी वादळात मास्क्ड बूबी, फ्रिगेटबर्ड असे दूरच्या समुद्रातले पक्षी थकून महाराष्ट्र-गोव्याच्या किनाऱ्यावर येऊन पडतात.

आणि पिल्लाचं सांगायचं राहिलं. गिलेमॉटचं पिल्लू जेमतेम तीन आठवड्यांचं असताना, उडता येत नसताना, संध्याकाळी कड्यावरून खाली समुद्रात उडी मारतं. बाप खालून हाका मारत असतो. उडी मारल्यावर दोघं एकमेकांना आवाजावरून शोधतात आणि पोहत निघतात. पुढचे एक-दोन महिने बापच त्याला भरवतो. आई कड्यावर मागे राहते. आम्ही हे बघायला रात्री दहापर्यंत थांबलो होतो (इथे उन्हाळ्यात तेव्हाही उजेड असतो). माझा मुलगा तेव्हा सात वर्षांचा होता. परतताना गाडीत एक शब्द बोलला नाही.

पाऊणपट | मंगळवार, रात्री 9:00

सगळं जमत आलंय, आता मी वाईट माणूस होतो. उडता न येणारा, गुबगुबीत, चविष्ट, गावापासून चालत जाता येईल अशा कातळावर अंडं घालणारा पक्षी. कोकणात. माणसं त्याच कातळावर कालवं काढायला जातात. घोरपडी आहेत, त्या तर कडे चढण्यात नावाजलेल्या. मुंगूस आहे, कोल्हा आहे. घळोबा आजवर शिल्लक कसा?

सुगरण_नसलेली | मंगळवार, रात्री 9:12

खरंय. त्याचं सुकं कधीच झालं असतं.

आबर्डीनकर | मंगळवार, रात्री 10:40

झालंच होतं. तिला सांगायचं की नाही ते तुम्ही ठरवा.

ग्रेट ऑक नावाचा पक्षी होता, उत्तर अटलांटिकमधला. उंची 75 ते 85 सेंटिमीटर, म्हणजे नेमकी तुमच्या स्कूटरची सीट. वजन पाच किलोच्या आसपास. उडता येत नव्हतं, पोहण्यात पटाईत. एकच अंडं. कडे चढता येत नसल्यामुळे उतरत्या खडकांच्या मोजक्या बेटांवरच विणीला यायचा. खलाशांनी मांसासाठी, चरबीसाठी, गाद्यांत भरायच्या पिसांसाठी त्यांना हजारोंनी मारलं. दुर्मीळ झाल्यावर संग्राहकांकडून भाव आणखी वाढला. 1844 मध्ये आइसलँडजवळच्या एल्डी बेटावर अंड्यावर बसलेली जोडी पकडून मारली, ती शेवटची नोंदलेली जोडी. अंडं त्या झटापटीत फुटलं.

त्याला घळोबासारखी पंखाची नखं असती आणि उंच कड्यावर चढता आलं असतं, तर कदाचित तगला असता. दक्षिणेकडचे रॉकहॉपर पेंग्विन बघा, उड्या मारत उभे खडक चढतात. तुमच्या लेकीच्या प्राण्यात ती एक गोष्ट बरोबर आलीय.

पसाराकर | बुधवार, रात्री 9:25

सांगितलं. बायको म्हणत होती नको, पण विचारलं तर खोटं कसं बोलणार?

बराच वेळ गप्प होती. मग विचारलं, "अंडं फुटलं म्हणजे आतलं पिल्लू पण?" हो म्हटलं. आणखी थोडा वेळ गेला. मग आतून वही घेऊन आली आणि नवं चित्र काढायला बसली. सुधारित घळोबा असा: पाठ काळी, पोट पांढरं, चोच निळी. पंखांना नखं. नाकातून थेंब (हा मोठा काढलाय). वर कंगोऱ्यावर एक छोटा, उडी मारायच्या बेतात. खाली पाण्यात एक मोठा, तोंड उघडं. मी विचारलं, हा बाबा का? म्हणाली, "हो, हाका मारतोय. मोठ्याने. म्हणून तो आवाज."

म्हणजे बामणघळीचं उत्तर तिचं तिला मिळालं, आणि माझ्या "पाणी" पेक्षा बरंच बरं आहे.

एक विनंती मात्र संपादकांना. मूळ लेखात मी जागेचं नाव लिहिलंय, ते काढता येईल का? ती म्हणते, पत्ता कळला तर लोक येतील.

सड्यावरचा_वारा | बुधवार, रात्री 9:50

दंडवत. आम्ही पक्षीवाले दुर्मीळ घरट्याची जागा कुठे लिहीत नाही, फोटोतली ओळखीची झाडंसुद्धा कापतो. हे शिकायला मला दहा वर्षं लागली.

संपादक मंडळ | गुरुवार, सकाळी 10:00

प्रतिसाद आल्यानंतर मूळ लेखात बदल करता येत नाही. शिवाय जागेचा उल्लेख इतर प्रतिसादांतही आहे. क्षमस्व.

पसाराकर | गुरुवार, रात्री 8:45

हरकत नाही. तिने दुसरा उपाय काढलाय. तिच्या सांगण्यावरून जाहीर करतो: वर चुकून चुकीचं लिहिलं गेलं. घळोबा हेदवीला नाही. तो जुहू चौपाटीला राहतो. ज्यांना शोधायचा आहे त्यांनी तिकडे जावं.

तिरफळ | गुरुवार, रात्री 8:52

जुहूक कालवां खंय गावतली त्येका?

पसाराकर | गुरुवार, रात्री 8:58

श्श्श.